गणपतरावांची पात्रता

गणपतराव बसून बोललेले मी कधी पाहिले नाहीत. ते आमच्या ओटीवर येत, या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझारा घालत आणि भेटेल त्याची पात्रता विचारत. पनवेलात नवा डॉक्टर आला की, "पदवी मान्यताप्राप्त आहे का?" न्हाव्याने वस्तरा लावला की, "अनुभव किती वर्षांचा?" एकदा बाजारात बोंबीलवालीला त्यांनी विचारलं, "हे ताजे, की ताज्याशी समकक्ष?"

ती म्हणाली, "तुमाला घ्यायचे हायत का नाय? नाय तं बाजूला व्हा, माजं गिऱ्हाईक खोटी होतंय."

हा 'समकक्ष' त्यांच्या मानगुटीवर बसला तो एका जाहिरातीमुळे. स्वराज्य आल्यावर अलिबागेच्या एका सरकारी कचेरीत कारकुनाची एक जागा निघाली. शिक्षण 'मॅट्रिक किंवा समकक्ष'. वडिलांनी सरकारी शाळेतून काढल्यामुळे गणपतराव राष्ट्रीय शाळेत शिकले होते. निवडीच्या यादीत ते पहिले आले आणि नेमणुकीच्या दिवशी त्यांच्या नावावर रेघ पडली. शेरा होता, 'अपात्र'. जागा यादीतल्या दुसऱ्याला मिळाली.

ते मला म्हणत, "मास्तर, इंग्रजाची शाळा सोडली म्हणून गावाने वडिलांना हार घातला होता. आता राज्य आपलं, आणि मी अडाणी!"

झालं, कज्जा सुरू झाला. आधी अलिबाग, मग मुंबई. पोटासाठी ते मामलेदार कचेरीबाहेर लोकांचे अर्ज लिहीत, तेही उभ्यानेच, खिडकीच्या कट्ट्यावर कागद ठेवून. तारीख असली की एस.टी. सुटायच्या तासभर आधी स्टँडवर हजर. तिथे ड्रायव्हरभोवती अशा घिरट्या घालत की तो बिचारा चहा अर्धा टाकून गाडीत चढे.

ज्याला जागा मिळाली त्याला त्यांनी कधी पाहिलं नव्हतं आणि त्याचं नावही ते घेत नसत. कोर्टाच्या कागदांत तो प्रतिवादी क्रमांक तीन होता, तोच घरीदारी. साखर संपली की, "प्रतिवादी क्रमांक तीन मात्र गोड चहा पीत असेल!" वहिनी, म्हणजे त्यांची बायको, गूळ फोडत.

सात वर्षांनी निकाल लागला. राष्ट्रीय शाळेची परीक्षा समकक्ष, गणपतराव पात्र, जागा त्यांना द्यावी. आळीत पेढे वाटून झाले आणि निकालाची नक्कल घेऊन आम्ही दोघं अलिबागेला गेलो.

कचेरीत खिडकीजवळच्या टेबलाशी एक किडकिडीत माणूस उठून उभा राहिला. टेबल रिकामं होतं. त्याचा डबा आणि छत्री पिशवीत भरून तयार होती.

"तुम्हीच गणपतराव ना? या, बसा. खुर्ची आता तुमचीच."

"तुम्ही प्रतिवादी..." गणपतराव अडखळले. "आपलं नाव काय?"

"रघुनाथ."

"कायम होऊन किती वर्षं झाली?"

"कायम कुठला? खटला चालू होता ना. सात वर्षं हंगामीच आहे. प्रत्येक तारखेला वाटायचं, आज आपण घरी."

गणपतराव खिडकीपर्यंत गेले, परत आले, पुन्हा गेले. हातातली नक्कल चुरगळत होती.

"मास्तर, कोरा कागद आहे?"

त्यांनी तिथेच उभ्याने लिहिलं: 'मी या जागेस पात्र आहे, असे नामदार कोर्टाने ठरवले आहे. त्याची नोंद व्हावी. जागा मला नको. ती श्री. रघुनाथ यांस कायम द्यावी.' 'नोंद व्हावी'खाली दोन रेघा ओढल्या. मी तो अर्ज साहेबांच्या शिपायाकडे देऊन येईपर्यंत दोघं खिडकीशी बोलत उभे होते.

परतीच्या गाडीत पेणपर्यंत ते दांड्याला धरून उभेच होते. मग म्हणाले, "घरी तुम्ही सांगा. मला नाही जमायचं."

मी आत जाऊन सांगितलं. गणपतराव बाहेरच थांबले. वहिनींनी सगळं ऐकून घेतलं. मग सुपातले तांदूळ निवडत त्यांनी विचारलं,

"त्यांना मुलं किती?"

"ते काही मी विचारलं नाही."

"ह्यांनी विचारलं असणार," वहिनी म्हणाल्या.

बाहेरून आवाज आला, "दोन मुली. धाकटी आत्ता कुठे चालायला लागलीय."