अप्पांचं बिनआवाजी सूप

विरूपाक्षप्पांच्या घरी कुणी सूप प्यायला बसलं, की ते त्याच्या पाठीमागे उभे राहत, कानामागे हात धरून. भुरक्याचा आवाज आला की वाटी उचलली. माझी दोनदा उचलली, आमच्या ह्यांची चार वेळा. अशा गोष्टी मी वहीत लिहून ठेवते.

अप्पा सोलापूर स्टेशनावर तिकीटबाबू होते. तिथल्या साहेबलोकांच्या खानावळीच्या दारातून त्यांनी वर्षानुवर्षं एकच नवल पाहिलं : माणसं बटाट्याचं पांढरं सूप पितात आणि शेजारच्याला पत्ता लागू देत नाहीत. नोकरी संपल्यावर ते आमच्या शेजारी राहायला आले आणि पहिल्याच सकाळी कुंपणावरून म्हणाले, "वैनी, आज सूप करणार हाय." मी लगेच आमचं धान्य पाखडायचं सूप आणून दिलं. अप्पांनी ते उलटसुलट करून पाहिलं.

"ह्यात ऱ्हाणार न्हाय की, वैनी. गळंल."

मग त्यांनी कृती सांगितली आणि मी लिहून घेतली. कांदा लोण्यावर नरम करायचा, लाल नाही. चार बटाट्यांच्या फोडी आणि पाणी घालून अगदी गाळ शिजवायचं. पिठाच्या चाळणीतून पळीनं घोटून काढायचं. दूध घालून गरम करायचं, पण उकळू द्यायचं नाही. मीठ, मिरपूड, वर चमचाभर साय.

"खरं सूप मटणाच्या पाण्यात करत्यात," अप्पा हळूच म्हणाले, "पण आमच्या गळ्यात लिंग हाय. म्हणून मी दूध वाढवलं."

मी शेवटी 'सोबत शेंगाची चटणी' असं लिहिलं. ते त्यांनी माझ्याकडून खोडून घेतलं.

"चटणीनं ठसका लागतोय. ठसका म्हंजे आवाज. शिस्त म्हंजे शिस्त."

ही शिस्त न मानणारं माणूस नेमकं त्यांच्याच घरात होतं. त्यांच्या पत्नी गौरव्वा वाटी तोंडाला लावत आणि असा भुरका मारत, की आमच्या स्वयंपाकघरात ऐकू येई.

"गौरा, आवाज."

"तोंड माजं हाय. तुमी जावा, तिकिटं तपासा."

हे रोजचं. भुरका, मग 'गौरा, आवाज', मग तिकिटं. त्यावरून मी भाकरीचा तवा चढवत असे.

एका थंडीत गौरव्वा तापानं पडल्या. ताप उतरला, पण अन्न जाईना. डॉक्टर म्हणाले, पोटात काही गेलं नाही तर माणूस उठायचं नाही. मी याद्या केल्या. भाताची पेज दिली, परत आली. मुगाचं कढण, परत. ताक, परत. तीन दिवस शेजारून आवाज नाही, आणि माझ्या भाकरीची वेळ चुकू लागली.

चौथ्या दिवशी दुपारी अप्पांनी सूप केलं आणि वाटी माझ्या हातात दिली.

"तुमी न्या. मी गेलो की ती भांडती, आन् तिला आता भांडायची ताकद न्हाय."

मी उशाशी बसून चमचा पुढे केला. गौरव्वांनी तोंड फिरवलं. पुन्हा केला, पुन्हा फिरवलं. तेवढ्यात मला उंबऱ्यावर सावली दिसली. अप्पा दाराआड उभे होते. सावलीचासुद्धा हात कानामागे होता. मी गौरव्वांना खुणेनं ती दाखवली.

त्यांनी सावलीकडे पाहिलं. मग चमचा बाजूला सारला, माझ्या आधारानं उठून बसल्या, वाटी दोन्ही हातांनी धरली आणि भुरका मारला. पहिल्यासारखा नव्हता, बारीकसाच, पण मुद्दाम मारलेला.

सावली हलली नाही. मी 'गौरा, आवाज'ची वाट पाहत होते. दाराआडून अप्पा बोलले.

"गौरा, मला नीट ऐकू आलं न्हाय. आनखी एक मार की."