मरून सूट

"लग्न एकदाच होतं, माणसानं उठून दिसायला हवं!" सन अठ्ठावन्नच्या वैशाखात तारकर्लीला घरी पोचताच परशुरामानं जाहीर केलं. त्याची तजवीज तो मुंबईहून करूनच आला होता. गिरगावात शिवलेला मरून सूट, वर पितळी बटणांची चकचकीत रांग!

अडचण एकच होती, वडील! धोंडू शिंपी. पंचक्रोशीतल्या नवरदेवांचे कोट त्यांच्याच हातचे. मुलगा मुंबईत, तेव्हा नुसत्या अदमासानं त्यांनीही मोतिया रंगाचा लांब कोट शिवून ठेवला होता. परशुरामानं तो घालून पाहिला, तर अंगावरच उगवल्यासारखा बसला! आता नको कसं म्हणायचं?

"बाबा, काखेत दाटता," त्यानं ठोकून दिलं.

धोंडूंनी चष्मा पुसला, कोट चार ठिकाणी चाचपला. "चाळीस वर्सांत माझा माप चुकला नाय रे."

"आता चुकला."

धोंडूंनी कोटाची घडी घालून ठेवली. कोट फुकट जाऊ नये म्हणून परशुरामानं तो आपल्याच अंगलटीच्या चुलतभावाला, लवूला, दिला.

दुसऱ्या दिवशी वऱ्हाडाचा ट्रक फोंडाघाटात मांडवापुढे थांबला. मुलीकडच्यांनी नवरा फक्त फोटोत पाहिलेला. बाशिंगही अजून बांधायचं होतं. आणि मांडवाच्या दाराशी बँड उभा होता. सगळेच्या सगळे मरून कोटात, पितळी बटणांत!

नवरीचे मामा गंगाराम परशुरामावर धावून आले. "मेल्या, आता येतस? पिपाणी खंय तुझी?"

"अहो, मी नवरो!"

"सकाळीच घेतलस?"

मामांनी त्याला मानगुटीला धरून बँडच्या रांगेत लोटलं आणि हातात झांजा कोंबल्या. बाकीचं वऱ्हाड ट्रकमागे सामान उतरवण्यात गुंतलं होतं. तिकडे मोतिया कोटातल्या लवूला पाच सवाष्णी ओवाळत होत्या! तोंडात लाडू असल्यामुळे त्याला खरं सांगता येईना. दुसरा लाडू आल्यावर त्याला सांगायची घाईही राहिली नाही. एवढ्यात बँड सुरू झाला आणि भेदरलेल्या परशुरामानं चक्क चार वेळा झांजा वाजवल्या!

ट्रंक घेऊन धोंडू शेवटी ट्रकमधून उतरले. समोर पाहतात तर मुलगा बँडच्या रांगेत!

"माझो झील झांजा कित्याक वाजवता?"

बँड थांबला. मांडवात असा हशा पिकला की ट्रकचा ड्रायव्हरही धावत आला. नवरीचे वडील तेवढे हसले नाहीत.

"नवरो बँडवाल्याच्या कपड्यांत? माझ्या मांडवात चलाचा नाय!"

मुहूर्ताला दहा मिनिटं होती. गवताच्या उडवीमागे कपड्यांची अदलाबदल झाली. मोतिया कोट घालून परशुराम बाहेर आला. एक सुरकुती नाही! धोंडू त्याच्याभोवती सावकाश फिरले. काखेत दोन बोटं घालून पाहिली.

"दाटता?"

"नाय."

"आणि काल?"

अख्खा मांडव कान टवकारून ऐकत होता. ह्यापेक्षा झांजा बऱ्या होत्या, असं परशुरामाला वाटलं. धोंडूंनी पुढं होऊन त्याच्या गळ्याचं राहिलेलं बटण लावलं.

नवरीचे वडील आता जरा निवळले. "कोट बरो बसलो हा. माप कोणाचा?"

"माझा," धोंडू म्हणाले. "कापड चांगला, माप बरोबर. झील तेवढो कच्च्या टाक्याचो निघालो!"