अण्णांचा एकमेव वाचक

हुक्केरीकर अण्णा कोथिंबीर एका गाडीवर घेतात, मिरच्या दुसरीवर आणि लिंबं तिसरीवर. मल्लेश्वरमच्या बाजारात त्यांना सगळे ओळखतात. नारळवाली लक्ष्मीअक्का हाक मारते, "अण्णा, सगळं इथंच घ्या की! स्वल्प कमी करते."

"हेच ते!" अण्णा बोट रोखतात. "आधी कमी करायचं, शेजारची गाडी उठली की वाढवायचं. ओळखून आहे मी!"

अण्णा कॉलेजात अर्थशास्त्र शिकवायचे. निवृत्तीनंतर एकच ध्यास: सरकारच्या मक्तेदारीविरोधी धोरणाचा इतिहास लिहायचा. त्यांचे न्हावी दोन, आलटूनपालटून. गणपतीची देवळंही दोन. "देवालासुद्धा स्पर्धा हवी, मॅनेजर. नाहीतर तो ऐकेनासा होतो."

मॅनेजर म्हणजे मी, शेजारी, बँकेतून निवृत्त. दर गुरुवारी अण्णा नवं प्रकरण आणायचे. "दयामाया न दाखवता वाचा!" मी कॉफी पाजायचो आणि पुढच्या गुरुवारी "उत्तम!" म्हणून कागद परत करायचो.

आता खरं सांगून टाकतो. त्यातलं एक पानही मी वाचलं नाही. आधी आळस होता, मग लाज. उलट बिल्डिंगमध्ये अण्णांची नक्कल करून हशा मात्र भरपूर मिळवला.

गेल्या आठवड्यात अण्णांनी छापायला निघालेलं हस्तलिखित माझ्याकडे आणून ठेवलं. पहिल्याच पानावर आभार: 'ज्यांच्यामुळे हे पुस्तक पुरं झालं, त्या शेजाऱ्यास.' खाली माझं नाव. हस्तलिखित घेऊन तसाच त्यांच्याकडे गेलो.

"अण्णा, माझं नाव काढा. मी यातलं काही वाचलेलं नाही."

"ठाऊक आहे. चौथ्या प्रकरणाच्या शेवटी मी इस्त्रीच्या कपड्यांची यादी टाचली होती. तुम्ही म्हणालात, 'उत्तम, विशेषतः शेवट.'"

"मग हे आभार?"

"त्यात 'वाचलं' असं कुठं लिहिलंय?" अण्णा चष्मा पुसू लागले. "आमची ही गेल्यापासून या घरात बोलणं असं नाहीच. शेवटची दोन प्रकरणं तर मी गुरुवार चुकू नये म्हणूनच लिहिली. सगळीकडे दोन-दोन दुकानं ठेवली हो, इथं तुम्ही एकटेच होता."

मी आभारांचं पान उलटलं आणि मोठ्यानं वाचायला लागलो. तिसऱ्याच ओळीला थांबलो.

"अण्णा, हे काही पटत नाही."

अण्णा ताडकन उठले. "कुठं? कुठं पटत नाही? थांबा, आधी कॉफी टाकतो!"