आडव्या पट्ट्यांचा एप्रन

कॅमेरामन तूरेने स्ट्रॉबेरीचा केक इंगेगर्डच्या एप्रनवर उपडा केला, तेव्हा थेट प्रक्षेपण सुरू व्हायला कपभर कॉफी पिण्याइतकाच वेळ उरला होता.

"अगं, वायर चुकवायला गेलो आणि..."

"बोलू नकोस. फडकं आण."

फडक्याने लाली आणखीच पसरली. मध्यग्रीष्माचा सण, हेदबी गावचं मैदान, मधोमध हेदबीचा फुलांनी मढवलेला खांब आणि त्यापुढे हेदबीच्या पारंपरिक पोशाखात इंगेगर्ड. या मुलखातलं फिडलवादन, लाकडावरची चित्रं आणि विणकाम टीव्हीवर दाखवण्यात तिची उमर गेली होती. आजचा भाग मात्र शेवटचा होता. स्टॉकहोमहून आलेल्या रिकार्ड या तरुण साहेबाने सकाळीच सांगून टाकलं होतं, "मनाला लावून घेऊ नकोस, पण तुझा कार्यक्रम कोणी बघत नाही."

तूरेने नाचायला आलेल्या एका पाहुणीचा एप्रन मागून आणला. इंगेगर्डने तो उलगडला. पट्टे आडवे! हेदबीचे पट्टे उभे. आडवे तळ्यापलीकडच्या लिसमोचे, आणि या दोन गावांतून विस्तव जात नव्हता.

"हा नको बांधूस," तूरे कुजबुजला.

"का? कोणी बघत नाही ना? मग दिसणार कोणाला?" तिने करकचून गाठ मारली.

कार्यक्रम झोकात झाला. हेदबीकरांनी एप्रन पाहिला, पण तोंडावर अवाक्षर काढलं नाही. तो आमच्याकडचा रिवाजच नव्हे. त्यांनी हवेचं कौतुक केलं, इंगेगर्डला आग्रहाने आणखी कॉफी पाजली आणि मग घरी जाऊन फोन उचलले.

"आमच्या खांबाखाली लिसमोचा एप्रन?" हेदबी कडाडलं.

"आमचा एप्रन नेऊन हेदबीत नाचवता?" लिसमो त्याहून वर.

टीव्ही केंद्रावरचे फोन थांबेनात. रिकार्ड घामाघूम होऊन धावत आला.

"इंगेगर्ड, कॅमेऱ्यासमोर बस आणि माफी माग."

"कोणाची?"

"कोणाची काय? प्रेक्षकांची!"

"ते तर नाहीत ना? तूच म्हणालास."

"हट्ट सोड गं!"

"नाही सोडत. कार्यक्रम काढून घेतलास, माफी तरी माझ्या मर्जीने मागू दे."

शेवटी रिकार्ड स्वतःच कॅमेऱ्यासमोर बसला. गोड हसून म्हणाला, "मंडळी, पट्टे उभे काय नि आडवे काय! मला तर दोन्ही गावांचे पोशाख सारखेच दिसतात."

कॅमेऱ्यामागे तूरेने कपाळावर हात मारला.

दुसऱ्या दिवशी केंद्राच्या दारात एक मोटार थांबली. तिच्यातून हेदबीच्या म्हाताऱ्या मार्गिताबाई उतरल्या आणि पाठोपाठ लिसमोचे यल्मारआजोबा. दोघं एका मोटारीत! मग ती तोंडावर न बोलणारी माणसं रिकार्डच्या तोंडावर बोलली.

"इंगेगर्डचं काय करायचं ते आमचं आम्ही बघू," मार्गिताबाई म्हणाल्या. "सारखेच म्हणणारा तू कोण रे?"

"चुकलं माझं," रिकार्ड चाचरला. "मी... मी काय करू आता?"

"कार्यक्रम चालू ठेव," यल्मारआजोबा गरजले. "तो बंद झाला तर आम्ही भांडायचं कशावरून?"

बाहेर फोन वाजतच होते. रिकार्डने स्टॉकहोमला विचारलं, बराच वेळ ऐकून घेतलं आणि पडेल आवाजात म्हणाला, "चालू राहील."

"आता कॅमेरा लाव," इंगेगर्ड तूरेला म्हणाली.

ती ताठ बसली. "मंडळी, चूक माझीच. पट्टे मला दिसत होते. पण तुम्ही नाही आहात असं मला सांगितलं होतं, आणि रागाच्या भरात मी ते खरं धरलं. त्याची माफी मागते."

लगेच फोन खणखणला. हेदबीची कोणी आजीबाई होती.

"केलं माफ, पोरी. पण कालचे तुझे मोजे! त्यांचं काय?"

इंगेगर्डने फोन रिकार्डच्या हातात दिला.

"घे," ती म्हणाली. "प्रेक्षक आहेत."