करंगळीचा कोड

एक उशी, तिच्यावर सुजलेला पाय.

लाकडी कपाट. चार पाय, चारही धडधाकट.

अकरा महिने, सव्वीस दिवस.

सात हात उंचीची भिंत.

यातल्या पहिल्या दोन गोष्टी शंकाताईंच्या घरच्या, तिसरी कामावरची. चौथी त्यांना अजून माहीत नव्हती.

रुग्णालयाच्या नोंदणी विभागात बसून डॉक्टरांनी लिहिलेल्या प्रत्येक दुखण्याला यादीतला कोड लावायचा, हे त्यांचं काम. हाड कुठलं, पाय कुठला, कशानं मोडलं, कुठल्या खोलीत मोडलं, सगळ्याला कोड. कागदावर काही लिहायचं राहिलं असेल तर ‘अनिर्दिष्ट’चा कोड लावून मोकळं होता येई. बाकीचे होत. शंकाताई डॉक्टरांना शंकापत्र धाडत. नाव त्यावरूनच पडलेलं. अकरा महिने सव्वीस दिवसांत त्यांनी एकही अनिर्दिष्ट लावला नव्हता. वर्ष असंच गेलं की विभागप्रमुखाची खुर्ची त्यांची, असं साहेबांनी चारचौघांत सांगितलं होतं.

सत्ताविसाव्या दिवशी टेबलावर नवऱ्याचीच फाइल आली. घरच्या माणसाची फाइल दुसरीनं करायची असा नियम, पण हाडांच्या फाइली करणारी दुसरी बाळंतपणाच्या रजेवर.

डॉक्टरांनी लिहिलं होतं, ‘कपाटावर आपटून पायाच्या करंगळीचं हाड मोडलं.’ कुठल्या पायाच्या, ते नाही.

डाव्या. शंकाताईंना ठाऊक होतं, तो पाय त्यांच्याच उशीवर ठेवलेला होता. पण डोक्यातलं कागदावर चालत नाही.

पहिलं शंकापत्र: पाय कुठला?
उत्तर: उजवा. (डॉक्टर रुग्णाच्या समोर बसले होते. आपल्या उजवीकडे दिसला तो उजवा.)

दुसरं शंकापत्र: एक्स-रेवर डावा आहे.
उत्तर: मग डावा.

तिसरं शंकापत्र: ‘मग’ म्हणजे काय?

यावर डॉक्टरांचा फोनच आला. “ताई, नवरा तुमचाच ना? तुम्हीच ठरवा की.”

“मला माहीत असून काय उपयोग? तुम्ही लिहायला हवं.”

“बोलवा त्यांना. दोन्ही पायांचे एक्स-रे काढू, एकदाचं तुमच्या मनासारखं होऊ दे.”

नवरा लंगडत आला. “अगं, एका करंगळीसाठी किती धावपळ?”

“धावू नका. बसा.”

डॉक्टरांनी दोन्ही फिल्म उजेडासमोर धरल्या. डावी करंगळी ताजी मोडलेली. मग ते उजव्या पायापाशी रेंगाळले. “हे कधी मोडलं होतं? वाकडंच जुळलंय.”

“ते होय,” नवरा म्हणाला. “लग्नाआधीचं.”

शंकाताईंनी पेन काढलं. “कशानं?”

“आठवत नाही.”

“आठवतंय त्यांना, डॉक्टर. कान बघा किती लाल झालेत.”

तीन शंकापत्रांचं उट्टं काढायची संधी डॉक्टर कशी सोडतील? “सांगा हो. कारणालाही कोड असतो म्हणे.”

“भिंतीवरून उडी मारली. आमच्या घरामागच्या. सात हात तरी असेल.”

“काय करत असताना?”

“पळून जात होतो.”

“कशापासून?” हे शंकाताईंनी विचारलं.

नवऱ्यानं डॉक्टरांकडे पाहिलं. डॉक्टर फिल्म न्याहाळू लागले.

“त्या दिवशी तुला बघायला पहिल्यांदा तुझ्या घरी यायचं होतं ना... बाबांनी भिंतीपलीकडून उचलून गाडीत घातलं.”

“गाडी पंक्चर झाली म्हणून उशीर झाला, असं सांगितलं होतं तुम्ही.”

“गाडी ठणठणीत होती.”

“आणि दोन तास खुर्चीतून हलला नाहीत. आई म्हणाली, मुलगा किती स्थिर आहे.”

डॉक्टर खोकल्याच्या आडून हसले. “मग लिहू ना ताई? लग्न टाळण्यासाठी उडी. वर्षअखेरच्या तपासणीत सगळा विभाग वाचेल म्हणा. नाही लिहिलं, तर अनिर्दिष्ट लावावा लागेल तुम्हाला.”

शंकाताईंनी फाइल त्यांच्या हातातून काढून घेतली. टेबलाशी येऊन एकेक रकाना भरला. डावा पाय, करंगळी, निजायची खोली, कपाट. उजवा पाय, जुनं मोडलेलं हाड. कारणाच्या रकान्यापाशी बोट जरा थांबलं. मग त्यांनी अनिर्दिष्टचा कोड लावला आणि फाइल मिटली.

“अगं, तुझी खुर्ची?” मागे उभा असलेला नवरा म्हणाला.

“तुम्ही आधी ही घ्या. उभे राहू नका.”

तो बसला. “रागावलीस?”

“नाही.”

त्या पहिल्या भेटीच्या दिवशी, पाहुणे यायच्या पाऊण तास आधी, शंकाताईंच्या आईनं त्यांना बसथांब्यावरून दंडाला धरून घरी आणलं होतं.