फक्त मित्रांना

एका जंगलात एक ससा राहत होता, आणि तो कुठे राहतो हे सगळ्या जंगलाला ठाऊक होतं.

बसा नीट, बाळांनो. ते मोबाईल उपडे ठेवा. उपडे म्हणजे स्क्रीन खाली. हो, तुझाही. गोष्ट लहान आहे. तेवढ्या वेळात तुझ्यावाचून कोणाचं राज्य बुडत नाही.

तर सशाचं नाव ससोजी. करवंदीच्या जाळीखाली त्याचं बीळ होतं. बिळात त्याची बायको सशीण आणि नुकते डोळे उघडलेली पिल्लं. ससोजी स्वभावाने भित्रा होता. उंदीर शिंकला तरी तो बिळात पळायचा. ससा असून भित्रं असण्यात लाज वाटण्यासारखं काही नाही, पण ससोजीला ती वाटायची. सगळ्या भानगडीचं मूळ तिथेच आहे, म्हणून ते आधीच सांगून टाकलं.

त्या जंगलातल्या माळावर उदाजीशेठ नावाच्या एका उदमांजराने खेळांचा अड्डा काढला. प्रवेश फुकट, खेळ फुकट. फुकट म्हटल्यावर शेठचं पोट कशावर चालतं, असा प्रश्न कोणाच्याही मनात आला नाही. जनावरंच ती.

अड्ड्यावर झाडाला वाळके भोपळे टांगलेले असत. एक भोपळा डोक्यात घालायचा, की आत खेळ दिसायचा. कसा दिसायचा ते मला विचारू नका. तुमच्या मोबाईलमध्ये कसा दिसतो हे तुम्हाला तरी कुठे माहीत आहे?

ससोजीचा आवडता खेळ वाघमारी. भोपळ्याच्या आत वाघ यायचे आणि ससोजी त्यांना गवताच्या काडीने लोळवायचा. लांब कान भोपळ्यात मावत नसत, म्हणून तो ते दुमडून आत कोंबायचा. जीव वाचवायला देवाने सशाला कान दिले. तेच दुमडून हा शूर झाला.

अड्ड्यावर प्रत्येकाला नवं नाव घेता यायचं. ससोजीने 'रणमर्द' हे नाव घेतलं. हसू नका. तुमची नावं मला माहीत आहेत.

आता साळुंक्या. उदाजीशेठने खूप साळुंक्या पाळल्या होत्या. कोण कुठला खेळ खेळतंय, कधीपासून खेळतंय, किती जिंकलं, हे जंगलभर ओरडत फिरायचं, एवढंच त्यांचं काम. "रणमर्द वाघमारी खेळतोय! सकाळपासून जागचा हललेला नाही! आणखी एक वाघ लोळवला!" या ओरडण्याने ससोजीची छाती फुगायची. कान कोंबलेले असल्यामुळे त्याला ते ऐकू येत नसे, पण ओरडताहेत हे माहीत असणं त्याला पुरे होतं.

एके दिवशी साळुंक्या ओरडल्या, "तितरीण फुगडीच्या खेळात रमली आहे! घरी परतायला अजून वेळ आहे!" तितरीण परतली तेव्हा घरट्यात अंडी नव्हती. जंगल हळहळलं. नशीब म्हणालं, ग्रह म्हणालं. साळुंक्यांचं नाव कोणी काढलं नाही, कारण दुसऱ्या दिवशी त्या आपल्याबद्दल काय ओरडणार हे सगळ्यांना ऐकायचं होतं.

सशीण मात्र घाबरली. ती ससोजीला म्हणाली, "अहो, तुम्ही दिवसभर माळावर असता हे सगळ्यांना कळतं. म्हणजे मी पिल्लं घेऊन एकटी आहे, हेही कळतं."

"अगं, खेळाच्या बातम्या त्या. त्यात घराचं काय?"

"त्या शेठकडे पडद्याची खिडकी आहे म्हणे. तिथे सांगितलं की साळुंक्या गप्प बसतात. उद्या जा आणि सांगून या, कोणालाही कळायला नको."

ससोजी गेला. अड्ड्याच्या मागच्या अंगाला, घाणेरीच्या झुडपात, ती खिडकी होती. शोधायला अर्धा दिवस गेला. खिडकीवर एक सरडा बसला होता. शेठने त्याला अनुभव बघूनच ठेवला होता.

"बोला साहेब," सरडा हिरवा होत म्हणाला. "आपली गुप्तता आमच्यासाठी प्राणांपेक्षा मोलाची आहे."

"माझा खेळ लपवायचाय," ससोजी म्हणाला.

"अवश्य. कोणाला कळावं? सर्वांना, फक्त मित्रांना, की कोणालाही नाही? सध्या सर्वांना आहे."

"मी कधी म्हटलं सर्वांना?"

"आपण काहीच म्हटलं नाहीत, म्हणून आम्ही म्हटलं."

ससोजी म्हणाला, "मग कोणालाही नाही करा."

सरड्याचा रंग लगेच मातीसारखा झाला. "करतो की. मग आपण वाघ लोळवलेत तरी साळुंक्या बोलणार नाहीत. अड्ड्यावर मानाने बसायला मिळालेला आपला उंच दगडही जाईल. लोकांना वाटेल, रणमर्दाने खेळ सोडला. घाबरला म्हणतील. आपली इच्छा."

ससोजीची मान खाली गेली. वाघाला मारून घाबरट ठरायचं, हे त्याला सोसवेना. "मधलं काय होतं?" त्याने विचारलं.

"फक्त मित्रांना," सरडा पुन्हा हिरवा झाला. "जाणकार मंडळी हेच घेतात."

ससोजीने ते घेतलं आणि घरी जाऊन बायकोला सांगितलं, "पडदा लावून आलो." कुठला, ते त्याने सांगितलं नाही.

आता मित्रांचं ऐका. अड्ड्यावर कोणीही कोणालाही मैत्रीचं पान पाठवायचं. त्या पानावर पाय उमटवला, की झाली मैत्री. ज्याचे मित्र जास्त, त्याला बसायला उंच दगड. त्यामुळे पान आलं की सगळे आधी पाय उमटवायचे आणि मग जमलं तर बघायचे. बघणं कधी जमायचं नाही. ससोजीच्या दगडावरून तर पलीकडचा ओढा दिसायचा.

त्याच्या मित्रांत एक होता गाजरमित्र. त्याला कोणी पाहिलं नव्हतं. त्याच्या पानावर दोन लांब कान काढलेले होते, तेवढ्यावरून ससोजीने त्याला ससा मानलं. वाघमारीत तो कायम ससोजीच्या बाजूने खेळायचा आणि भोपळ्यातून तोंडभर कौतुक करायचा. घरी असं कौतुक कोणी करत नाही, असं ससोजीला वाटायचं. ते खरंही होतं. घरी सगळे भुकेले असायचे.

एका संध्याकाळी सशीण नवऱ्याला बोलवायला माळावर आली. ससोजी भोपळा घालून बसला होता. भोपळा घातला की आपण किती मोठ्याने बोलतो हे कळत नाही. तुमच्या घरी विचारा.

"वा रणमर्दभाऊ, काय तो हात!" भोपळ्यातून घोगरा आवाज आला. "वहिनी रागावत नाहीत ना? इतका वेळ घर सोडून असता."

"ती काय रागावणार!" ससोजी ओरडला. "आणि घर भक्कम आहे आपलं. करवंदीच्या जाळीतून कोणाची आत यायची हिंमत नाही."

"मागून?"

"मागे दगड लावलाय. आता डावीकडे ढकलला तर सरकतो, पण ते फक्त घरच्यांना माहीत!"

"आणि आता त्यालाही," सशीण स्वतःशीच म्हणाली. तिने भोपळा खस्सकन ओढून काढला. ससोजीचे कान टुणकन उभे राहिले.

"कोण हो हा भोपळ्यातला?"

"मित्र आहे."

"पाहिलाय का कधी?"

"मित्राला पाहायचं काय असतं?"

"तुम्ही पडदा लावलात ना? मग तुम्ही इथे आहात हे त्याला कसं कळलं?"

"फक्त मित्रांना कळतं. तसाच लावलाय मी. विचार करून."

"मित्र कोण कोण आहेत तुमचे?"

ससोजीने अभिमानाने चारी दिशांना पंजा फिरवला. "सगळं जंगल!"

"म्हणजे सगळ्यांना कळतं."

"छे! फक्त मित्रांना."

 सशिणीने भोपळा बाजूला ठेवला. मग शांतपणे म्हणाली, "चला, जेवायला चला."

"एवढा वाघ होऊ दे," ससोजी म्हणाला आणि त्याने कान पुन्हा दुमडले.

सशीण एकटीच परतली. त्या संध्याकाळी तिने पिल्लांना एकेक करून मानेला धरलं आणि ओढ्यापलीकडे, निवडुंगाच्या आडोशाला नेलं. तिथे एका मोडक्या वारुळाखाली जुनं बीळ होतं. नवं घर कुठे आहे हे तिने कोणालाही सांगितलं नाही. नवऱ्यालाही नाही. नवऱ्याला सांगणं म्हणजे साळुंक्यांना सांगणं, हे तिला आता कळलं होतं. मनाशी ठरवलं, की हा माणसात आला की आपणच त्याला घेऊन येऊ. माणसात म्हणजे सशांत.

ससोजी घरी आला. घरात कोणी नाही हे त्याच्या लक्षात आलं नाही. त्याला झोप आली होती. सकाळी उठला तो तडक माळावर.

"रणमर्द वाघमारी खेळायला बसला आहे," साळुंक्यांनी फक्त मित्रांना सांगितलं. म्हणजे त्या झाडाझाडावर बसून प्रत्येकाच्या कानात वेगवेगळं कुजबुजल्या. काम वाढलं म्हणून वैतागल्याही होत्या.

करवंदीच्या जाळीमागे एक कोल्हा आला. त्याने दगड डावीकडे ढकलला. दगड सरकला. आत वाळलं गवत होतं आणि थोडे केस. बाकी काही नव्हतं. कोल्ह्याने रागारागाने सगळं बीळ उकरून टाकलं आणि तणतणत पडद्याच्या खिडकीवर गेला.

"कसली माहिती देता तुम्ही?" तो सरड्यावर ओरडला. "घरी पिल्लं असतील म्हणून गेलो. कोणी नाही! माझी सकाळ फुकट गेली!"

सरडा पांढराफटक पडला. उदाजीशेठ स्वतः धावत बाहेर आले. त्यांनी कोल्ह्याची हात जोडून माफी मागितली. पुन्हा असं होणार नाही म्हणाले. त्याला सावलीत बसवून थंड पाणी दिलं. कारण अड्ड्यावर एकटा कोल्हाच असा होता, की जो शेठला दर आठवड्याला कोंबडी पोचवायचा.

दुपारी ससोजी घरी आला आणि त्याने बीळ पाहिलं.

बाळांनो, तो खरंच रडला. त्याला नावं ठेवली तरी एवढं मला कबूल केलं पाहिजे. त्याने उकरलेल्या मातीत तोंड खुपसलं. पिल्लांच्या नावाने हाका मारल्या. "चुकलो गं मी, चुकलो," म्हणाला. कान खाली पडले होते. इतक्या दिवसांत तो पहिल्यांदाच सशासारखा दिसला.

ओढ्यापलीकडून सशीण बघत होती.  हाक मारायला तिने तोंड उघडलं, एक पाय पुढे टाकला.

तेवढ्यात ससोजी उठला. डोळे पुसले, कान टवकारले आणि माळाकडे धावत सुटला. सशिणीला वाटलं, मदत मागायला गेला. पाय तसाच उचलून ती वाट बघत राहिली.

ससोजी थेट खिडकीवर गेला. "सर्वांना करा," धापा टाकत म्हणाला.

"काय, साहेब?"

"माझं दुःख."

थोड्याच वेळात साळुंक्या जंगलभर उठल्या. "रणमर्दावर आभाळ कोसळलं! बायको गेली! पिल्लं गेली! रणमर्द माळावर बसला आहे, भेटायला या!" सगळं जंगल लोटलं. मैत्रीच्या पानांचा ढीग पडला. ससोजीने प्रत्येक पानावर पाय उमटवला. उदाजीशेठने त्याला माळावरचा सगळ्यांत उंच दगड दिला. ससोजी त्यावर बसून हुंदके देत होता आणि खाली किती जमलेत ते मधूनच बघत होता.

गाजरमित्राचा आवाज सगळ्यांत दाटला होता. "रणमर्दभाऊ, मला तर सकाळपासून सुचत नाहीये काही. आता नवं घर कुठे करणार? एकटे राहू नका हो. कळवा."

"जांभळीखाली," ससोजी नाक ओढत म्हणाला. "पश्चिमेला तोंड करून. मागचं दार ठेवतच नाही आता."

साळुंक्यांनी तेही ओढ्यापलीकडे पोचवलं. सशिणीने उचललेला पाय खाली ठेवला. पिल्लांना आत ढकललं आणि आपण मागोमाग गेली. ती खूप रडली. पण आवाज करून नाही.

पुढे एका संध्याकाळी साळुंक्या ओरडल्या, "रणमर्द सध्या खेळत नाही! रणमर्द घरी आहे!"

दुसऱ्या दिवशी त्या ओरडल्या, "रणमर्द शेवटचा दिसला, काल!"

त्यानंतर तो कोणालाच दिसला नाही. भोपळा अजून टांगलेला आहे. त्याचं नाव अजून अड्ड्यावर आहे, कारण नाव काढून टाकायची खिडकी अजून कोणाला सापडलेली नाही. दर वर्षी रणमर्दाचा वाढदिवस साळुंक्या न चुकता ओरडतात. शुभेच्छा पहिल्यांदा गाजरमित्राच्या येतात.

तात्पर्य : मुलांनो, मित्र भरपूर जोडा, सेटिंग 'फक्त मित्रांना' ठेवा आणि निर्धास्त खेळा. फक्त आई कधी घर बदलताना दिसली, तर कुठे चाललीस म्हणून विचारू नका. मोबाईल तिथेच टाका आणि मुकाट्याने तिच्या मागे जा. बाबांना कळवू नका.