लाल वर्तुळातलं गाठोडं

सरकारी रुग्णालयाच्या चादरी धुलाईखान्यातले कर्मचारीच विकतात, असा जाहीर आरोप एका बड्या नेत्यांनी केला आणि धुलाईखान्यातल्या ताईला ‘चौकशी होईपर्यंत कामावर येऊ नये’ असं पत्र मिळालं. चौकशी कोण करणार, हे पत्रात नव्हतं. म्हणून ती एका वृत्तवाहिनीने करायचं ठरवलं. त्या नेत्यांची मुलाखत घेणार होती ताईची धाकटी बहीण. तिच्या प्रश्नांनी भल्याभल्यांना घाम फुटतो, असं वाहिनीच्या जाहिरातीत म्हटलं होतं. जाहिरातीचा मजकूर धाकटीनेच लिहिला होता.

“त्याच्याकडे फक्त पुरावा माग,” ताई फोनवर म्हणाली. “माझी नोकरी आहे गं.”

“सोलून काढते बघ!”

दुपारी थेट प्रक्षेपण सुरू झालं. धाकटी खुर्चीत पुढे सरकली.

“साहेब, पुरावा आहे?”

“आहे की. तुम्हीच तर रोज दाखवता!”

मागच्या पडद्यावर फीत झळकली. गाठोडं घेऊन रुग्णालयाच्या फाटकातून निघालेली पाठमोरी बाई, भोवती लाल वर्तुळ.

धाकटीने ती आज पहिल्यांदाच नीट पाहिली आणि ओळखली. ताजं चित्रण नसलं की जुनं दाखवावं, हा वाहिनीचा शिरस्ता. ही फीत तिनेच तीन वर्षांपूर्वी ‘आदर्श कर्मचारी’ कार्यक्रमासाठी काढली होती. पाठ ताईची. कार्यक्रम दाखवलाच गेला नाही; आदर्श कर्मचाऱ्याला प्रेक्षक मिळत नाहीत.

“अहो, ही तर...”

कानातल्या यंत्रातून संपादक खेकसले, “चूक कबूल करायची नाही! प्रेक्षक दुप्पट झालेत!”

वीस वर्षांचा बाणेदारपणा एकवटून धाकटीने वाक्य पूर्ण केलं, “...ही तर फारच गंभीर बाब आहे, साहेब.”

“तेच तर म्हणतोय मी!” साहेब प्रसन्न झाले.

संध्याकाळी ती तोंड लपवत ताईकडे गेली.

“ताई, ती गाठोडंवाली तूच होतीस.”

“मी?” स्वतःची पाठ कुणी पाहिलेली असते? “अगंबाई! आणि मी इथे बसून म्हणतेय, मेली चालतेय बघा कशी, चोरासारखी!”

दुसऱ्या दिवशी बडतर्फीचं पत्र आलं. पुरावा म्हणून सोबत मुलाखतीची फीत.

गाठोड्यात काय होतं, हे ताईला कुणीच विचारलं नाही. सख्ख्या बहिणीनेही नाही. आणि आपण? आपण तर मघापासून त्यात चादरीच आहेत असं धरून चाललो होतो.